नाव घेऊन जा

भट्टीघराच्या छपरावर बर्फ साचला होता. मायकेन दफनभूमीच्या फाटकातच थबकली, आणि मागून येणारा तिचा नवरा वेर्नर तिच्यावर आदळता आदळता वाचला.

"काय झालं? कुणाची मेणबत्ती लावायची राहिली का?"

"छपराकडे बघ."

पितरांच्या शनिवारी स्वार्टेहुल्टमध्ये बर्फ पडला यात नवल काहीच नव्हतं. चर्चवर होता, थडग्यांवर होता, फर झाडांच्या फांद्यांवर होता. पण तिच्या माहेरच्या, ब्रांडेलियसांच्या काचकारखान्यातल्या भट्टीघरावर तो कधी टिकत नसे. खाली अहोरात्र आग असायची. पडला तसा तो पाणी होऊन पन्हाळीतून वाहून जायचा. आज छपराची उत्तरेकडची बाजू चादर घातल्यासारखी पांढरी होती.

वेर्नरने टोपी मागे सरकवली. आयुष्यभर त्या आगीपुढे उभं राहून त्याचा चेहरा भाजलेल्या विटेसारखा झाला होता आणि त्यावर सहसा काही उमटत नसे. आत्ता उमटलं.

"आल्वारला रुटगरने सुट्टी दिलीय," तो म्हणाला. "म्हातारा इतकी वर्षं भट्टी राखतोय, सणाला कधी सुट्टी नाही. खुशीत लेकीकडे गेला. मी विचारलं, मग आगीकडे कोण बघणार? तर रुटगर म्हणाला, मी बघतो."

"दादा बघतो? तेलाची चावी उजवीकडे फिरते की डावीकडे, एवढं तरी माहीत आहे का त्याला?"

"एका बाजूला फिरवलेली दिसतेय खरी."

भट्टी म्हणजे काही घरातली चूल नव्हे, रात्री विझवली आणि सकाळी पेटवली. मातीच्या मोठाल्या मुशींत काच वितळत असते. मुशी गार पडल्या की आतली काच आवळते, मुशींना तडे जातात, आणि मुशी गेल्या की भट्टीचं पोट फोडून सगळं नव्याने बांधावं लागतं. तेवढा दम कारखान्यात आता उरला नव्हता, हे गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. रुटगरला तर ते सगळ्यांत जास्त ठाऊक होतं.

"तू भट्टीकडे पळ," मायकेन म्हणाली.

"आणि तू?"

"मी जेवायला जाते. ताट वाढून वाट बघतायत ना सगळे."

वाड्यासारखं ते मोठं पिवळं घर कारखान्याच्या अंगणापलीकडेच होतं. मायकेन बूट न काढता जेवणघरात शिरली. टेबलावर हेरिंग मासा, उकडलेले बटाटे, हरणाचं भाजलेलं मांस, रानबोरांचा मुरंबा असं सगळं मांडलेलं होतं. टेकला आत्या काळ्या पोशाखात, डोक्यावरची टोपीही न काढता, टेबलाच्या या टोकाला बसली होती. ऐंशी ओलांडली तरी तिची पाठ ताठ होती. धाकटा भाऊ एस्किल शहरातल्या शाळेत मास्तर होता. त्याने वाढून घ्यायला सुरुवातही केली होती. आणि वडलांच्या खुर्चीत थोरला रुटगर.

आज सह्या व्हायच्या, असं ठरलं होतं. स्टॉकहोमच्या एका मोठ्या कंपनीला कारखाना विकण्यावरून वसंतापासून घरात भांडणं चालली होती. आजोबांनी स्थापनेच्या वेळीच नियम घालून ठेवला होता: विकायचं तर घरातल्या सगळ्या भागीदारांच्या सह्या हव्यात, एकाची जरी कमी पडली तरी नाही. भागीदार हे चौघेच. तिघं तयार होते. मायकेन नव्हती.

"दादा," ती उभ्यानेच म्हणाली, "भट्टी किती अंशांवर आहे?"

रुटगर बटाटा सोलत होता. "बस आधी. मासा गार होतोय."

"मासा गार झालेला चालतो. भट्टीचं सांग."

"ताई, आल्या आल्या काय हे?" एस्किल म्हणाला. "निदान आजच्या दिवशी तरी..."

"तू गप रे. मी दादाला विचारतेय."

रुटगरने सुरी खाली ठेवली. "तेल कमी केलंय मी. कालपासून. एकदम नाही, हळूहळू. सोमवारपर्यंत विझेल."

टेकला आत्याचा काटा तोंडाशी जाता जाता थांबला. एस्किलने आधी एकाकडे, मग दुसरीकडे पाहिलं.

"विझेल म्हणजे?" तो म्हणाला. "सह्या झाल्यावर विझवायची ठरली होती ना? मला तू तसंच सांगितलंस."

"सह्या होणार होत्या का?" रुटगर म्हणाला. "हिला विचार. सहा महिने विनवण्या करतोय. ही सही करणार नाही, आणि त्यांना उत्तर हवंय. भट्टीच नसली तर हिची हट्टाने धरून ठेवलेली सही काय कामाची? बसेल गार विटा कुरवाळत."

"आणि माणसांना सुट्टीवर पाठवून, चोरासारखं केलंस!" मायकेन म्हणाली.

"त्यांच्या देखत करायचं होतं का?" रुटगरचा आवाज चढला. "आल्वारच्या समोर चावी फिरवायची? त्याच्या डोळ्यांत बघत? नाही जमलं मला. घाल शिव्या."

मायकेनला शिव्या घालायच्याच होत्या, पण त्याचे हात दिसले. पांढरे, नीटनेटके कारकुनी हात, आणि डाव्या तळव्यावर ताजा भाजल्याचा फोड. चावी तापलेली असते हेसुद्धा त्याला माहीत नव्हतं. त्याची बायको त्याला सोडून गेली ती हा माणूस घरी कमी आणि कचेरीत जास्त असतो म्हणून. कारखान्यावर त्याचं प्रेम नव्हतं असं म्हणणं खोटं ठरलं असतं. त्यामुळेच तिला त्याचा अधिक संताप आला.

"आत्या, तू तरी बोल," ती म्हणाली.

टेकला आत्याने तोंड पुसलं. "मी काय बोलू? माझं मत विकायचंच आहे. तुला वाटलं होतं मी तुझ्या बाजूने उभी राहीन, हो ना? अगं, माझा अख्खा जन्म त्या धुराड्याखाली गेला. सुट्टी नाही, प्रवास नाही. कुणी मागणी घालायला आला की माझे वडील त्याला आधी भट्टी दाखवायचे. दोघे तर तिथूनच परत गेले. आता चार वर्षं उरली असतील माझी. मला समुद्र बघायचाय, दक्षिणेकडचा, गरम पाण्याचा."

 आत्या आपल्या बाजूची आहे, हे मायकेनने इतकं गृहीत धरलं होतं की विचारायचीसुद्धा तसदी घेतली नव्हती.

तेवढ्यात दार धाडकन उघडलं. वेर्नर आत आला. अंगात नुसता सदरा, भुवयांवर काजळी.

"एक मूस गेली," तो म्हणाला. "दोन धरून आहेत. आच हळूहळू चढवावी लागेल, घाई केली तर त्याही तडकतील. चावी एकाने धरायची, झडप दुसऱ्याने. मला एक माणूस हवाय. आत्ता."

मायकेन निघालीच होती. पण तिच्या आधी एस्किलची खुर्ची सरकली. नव्या सुटातला, चकचकीत बुटांतला एस्किल.

"तू कुठे चाललास?" रुटगर म्हणाला. "तू विकणार होतास ना?"

"विकणार आहे. पण विकायचं ते सांगून सवरून. हे असं नाही." तो वेर्नरकडे वळला. "झडप कोणती, ते दाखव. लहानपणी वडील हात लावू देत नसत."

दोघे गेले. टेकला आत्याने काठी शोधली. "मलाही न्या. इथे काय माशाशी गप्पा मारत बसू?"

मग मायकेनने आत्याला बर्फावरच्या ढकलगाडीवर बसवलं, पायांवर घोंगडी टाकली आणि अंगण ओलांडून भट्टीघराकडे ढकलत नेलं. मागून रुटगर आला, कोटाची बटणं न लावता.

आत नेहमीचा तो पांढरा, डोळ्यांवर येणारा उजेड नव्हता. भट्टीच्या तोंडात मळकट नारिंगी प्रकाश होता. वेर्नर चावीपाशी वाकला होता आणि एस्किल दोन्ही हातांनी झडपेची साखळी धरून उभा होता. सूट केव्हाच काळा झाला होता.

"थोडी उघड. बास. बास म्हटलं ना! मास्तर, कान आहेत का?"

"आहेत. तूच तोंडातल्या तोंडात बोलतोयस."

आत्याला मायकेनने काच फुंकणाऱ्यांच्या बाकावर बसवलं. मग ती भावाकडे वळली.

"आता बोल. काय विकतोयस तू, नीट सांग."

"तेच ते किती वेळा सांगू?" रुटगर म्हणाला. पण सांगायला लागला, आणि सांगता सांगता त्याचा आवाज थकत गेला. "दर वर्षी फ्रँकफुर्टच्या व्यापारी जत्रेला जातो. आधी आपल्या मांडवात गर्दी असायची. आता फ्रेंच कारखान्यांची यंत्रं एका पाळीत जेवढे ग्लास काढतात, तेवढे आपण वर्षात काढत नाही. त्यांचा ग्लास जमिनीवर पडला तरी फुटत नाही. पोलंडचा, रुमानियाचा माल आपल्या तेलाच्या खर्चातही बसणार नाही इतका स्वस्त. हॉटेलवाल्यांना एकावर एक रचता येणारे ग्लास हवेत. नव्या नवरीला बारा-बारांचा संच नकोय. तिला भांडी धुण्याचं यंत्र हवंय, आणि त्या यंत्रात आपली नक्षी चार महिन्यांत धुरकट होते. दोष कुणाचा, सांग? माझा? मी जग बदलून टाकलं?"

"तुझा दोष नाही," मायकेन म्हणाली. "फ्रँकफुर्टला तू घाऊक व्यापारी बघतोस. मी दारावरचं दुकान चालवते. उन्हाळ्यात गाड्या येतात, डेन्मार्कच्या, जर्मनीच्या. आधी इथे येऊन वेर्नरला फुंकताना बघतात, मग दुकानात येतात आणि विचारतात, तो जो आत्ता करत होता तसा आहे का? मी चांगला निवडलेला देते, तर नको म्हणतात. त्यांना बुडबुडा असलेला हवा असतो. हाताने केलाय हे कळायला हवं म्हणतात."

"उन्हाळ्यातले चार जर्मन! त्यांच्यावर भट्टी चालते का?"

"तीन मुशींची नाही चालणार. एकीची चालेल."

"कशावरून?"

"कशावरूनही नाही. करून बघणार."

तेवढ्यात भट्टीत काहीतरी कडकन वाजलं.  वेर्नर तोंडापाशी वाकून आत बघत राहिला. मग त्याने मान हलवली. "दुसरीही गेली."

 एस्किलने साखळी आणखी घट्ट धरली. मायकेनला वाटलं, आपण आता रडणार. पण तिला रडू आलं नाही. उलट डोकं एकदम स्वच्छ झालं.

"दादा, स्टॉकहोमच्या लोकांना ही भट्टी हवी आहे का?"

"ही? त्यांना काय करायची? ते सगळं त्यांच्या दक्षिणेतल्या कारखान्यात यंत्रावर करणार. त्यांची तर अट आहे, इथली विझायला हवी म्हणून. एकाच नावाचा माल दोन ठिकाणी नको."

"म्हणजे त्यांना साचे हवेत, नक्ष्या हव्यात..."

"आणि नाव. ब्रांडेलियस. मुख्य नावच. बाकी त्यांच्या दृष्टीने भंगार."

"काय?" टेकला आत्या एकदम ओरडली. "नुसतं नाव?"

"आत्या, मी तुला वाचून दाखवलं होतं."

"मला ऐकू कुठे येतंय अर्धं! मला वाटलं, कारखाना विकतोय. माझ्या वडलांचं नाव पोत्यात घालून विकतोयस होय? आणि ते यंत्राच्या बुडाखाली छापणार?"

"मग इतके दिवस तू काय विकत होतीस?" मायकेनने विचारलं.

"विटा!" आत्या म्हणाली. "धूर! ते घेऊन जा म्हणावं!"

"तो कुणालाच नकोय, आत्या. धूर आपल्यालाच ठेवावा लागणार." मायकेन भावापुढे जाऊन उभी राहिली. "दादा, मी सही करते. आजच."

झडपेपाशी एस्किलने मान वळवली. वेर्नर मात्र भट्टीवरची नजर काढायला तयार नव्हता, पण त्याचा हात चावीवर थांबला.

"नाव त्यांना दे. साचे दे, नक्ष्या दे. माझ्या वाट्याचं जे येईल ते तुम्ही तिघं वाटून घ्या, आत्याला समुद्र दाखवा. त्याबदल्यात हे भट्टीघर, ही भट्टी आणि दारावरचं दुकान माझ्या नावावर कर. यातलं त्यांना काहीच नकोय ना? मग त्यांना विचारायचाही प्रश्न नाही."

"वेडी आहेस का? त्यांची अट आहे..."

"ब्रांडेलियस नावाचा माल दोन ठिकाणी नको, ही अट आहे. मी त्या नावाचा करणारच नाही."

रुटगर हसला, पण त्या हसण्यात गंमत नव्हती. "तुला कळतंय का, तू काय म्हणतेयस? ते नाव तुला पाटीवर लावता येणार नाही. ग्लासाच्या बुडाशी नाही. ब्रांडेलियसांची मुलगी आहे असं दुकानात सांगितलंस तरी वकील पाठवतील. आणि बिननावाचा ग्लास घेणार कोण?"

"ज्याला प्यायचं असेल तो."

"अगं, तीन पिढ्या..."

"तूच म्हणायचास ना, मी वेर्नर क्विस्टची बायको झाले तेव्हाच नाव सोडलं म्हणून? लग्नाच्या जेवणात म्हणालास, सगळ्यांसमोर. मग आता कशाला रडतोस? नाव तू सांभाळत होतास, तूच विक. मी भट्टी सांभाळते."

ते रुटगरला लागलं. तो वळून बाकाकडे गेला आणि आत्याच्या शेजारी बसला, ज्या बाकावर बसून काच फुंकायला तो कधी शिकला नव्हता.

आत्याने काठीने जमिनीवरचा काचेचा चुरा बाजूला ढकलला. मग म्हणाली, "देऊन टाक रे."

"आत्ताच तर तू..."

"आत्ता ओरडले ना मी? झालं. तुला एक सांगते, तुझ्या वडलांनी कधी सांगितलं नसेल. माझे वडील जन्मले तेव्हा नुसते युहान्सन होते. गावात अर्धी माणसं युहान्सनच. आईला मागणी घालायची होती, आणि आईचे वडील पाद्री, तेव्हा भारदस्त काहीतरी हवं म्हणून लॅटिनसारखं वाजणारं ब्रांडेलियस हे नाव त्यांनी स्वतःच लावून घेतलं. ते नाव मिळायच्या आधीपासून ते इथे फुंकत होते. चांगलं फुंकत होते. गिऱ्हाइकं तेव्हाही यायची." तिने काठी मायकेनच्या दिशेने उगारली. "आणि तू! तिसरीही तडकली तर काय करशील?"

"नवी बसवीन."

"कशाच्या जोरावर?"

"माहीत नाही आत्या. आधी ही वाचू दे."

"दे हिला," आत्या रुटगरला म्हणाली. "हिला नको असलेलं आपण घेऊ, आपल्याला नको असलेलं ही घेईल. घरात यापेक्षा सरळ वाटणी कधी झाली नाही."

रुटगरने एस्किलकडे पाहिलं. एस्किल साखळी सोडायला तयार नव्हता. "माझं काय विचारतोस," तो म्हणाला. "मला होडी घ्यायची होती, म्हणून मी हो म्हणत होतो. होडी मिळतेय. पण दादा, ताईला भट्टी दिली नाहीस तर मीही सही करणार नाही. मग बसा दोघे."

वेर्नरने मधेच हाक मारली. "मास्तर, झडप."

"हो, हो. उघडतोय."

उजेड हळूहळू नारिंगीचा पिवळा होत गेला.

सोमवारी सकाळी मायकेनने भट्टीघरात माणसांना गोळा केलं आणि काहीही न लपवता सांगितलं. एकच मूस वाचली आहे. हिवाळ्यात सगळ्यांना रोज काम देता येणार नाही. सह्या झाल्या आहेत, नाव गेलं आहे. कुणाला दुसरीकडे बोलावणं असेल तर त्याने जावं, ती रागावणार नाही. ऐकून घेऊन निम्म्या माणसांनी टोप्या घातल्या. काहींनी तिचा हात हातात घेतला, काही नुसतेच गेले. त्यांना पोरंबाळं होती. म्हातारा आल्वार मात्र जागचा हलला नाही. आपल्या पाठीमागे कुणीतरी चावीला हात लावला, या एकाच गोष्टीवर तो तासभर धुमसत होता.

रुटगर फाटकापाशी उभा होता. कमानीवर लोखंडी अक्षरांत नाव होतं, आणि ते आठवड्याच्या आत उतरवायचं होतं. त्याने शिडी लावली, दोन पायऱ्या चढला आणि तिथेच थांबला.

मायकेन बाहेर आली. "उतर खाली. मी काढते."

"त्यांचा माणूस येईल उद्या..."

"त्यांच्या माणसाने कशाला काढायचं? आपण लावलं, आपण काढू. तू शिडी धर."

ती चढली. खिळे गंजले होते. एकेक अक्षर ती पान्याने सैल करून खाली देत होती, आणि रुटगर ते घेऊन बर्फावर ओळीने मांडून ठेवत होता. बाहेर पडलेली माणसं रस्त्यावर थांबून बघत होती.

"माझ्यावर राग आहे तुझा?" खालून त्याने विचारलं.

"आहे."

"किती दिवस राहील?"

"ते तू चावीला हात लावायच्या आधी विचारायला हवं होतंस. हे धर, जड आहे."

शेवटचं अक्षर काही केल्या निघेना. तिने पाना उलटा धरून दोनदा हाणला, तेव्हा ते निघालं. कमान मोकळी झाली. तिला वाटलं होतं तितकं काही वाटलं नाही. थंडी वाजत होती, आणि आत तिची वाट बघत होते.

भट्टीघराच्या दारात वेर्नर येऊन उभा राहिला, फुंकणी हातात. "काच तयार झालीय!" तो रस्त्यापर्यंत ऐकू जाईल असा ओरडला. "कमान बघायची असेल त्यांनी बाहेर थांबा. बाकीचे आत या!"

रस्त्यावरून कुणीही वळलं नाही. अंगणातले मात्र आत गेले.

रुटगरने अक्षरं मोटारीच्या मागच्या भागात रचली, वर घोंगडी टाकली. मग परत येऊन त्याने शिडी उचलली आणि तो ती टपावर बांधायला लागला. मायकेनने दुसऱ्या टोकाने शिडी धरली आणि ओढली.

"दादा, अक्षरं तुझी. शिडी भट्टीची."

आणि शिडी खांद्यावर टाकून ती आत गेली.